चेहरा आणि करारनामा

12 सप्टेंबर 1910 रोजी कोपनहेगनच्या ‘कॉस्मोरामा’ चित्रपटगृहात ‘आफग्रुंडन’ नावाचा डॅनिश मूकपट पहिल्यांदा दाखवला गेला. नावाचा अर्थ ‘खोल दरी’. त्यात मुख्य भूमिका करणाऱ्या आस्टा नील्सनला आदल्याच दिवशी एकोणतीस वर्षे पूर्ण झाली होती. हे तिचे पडद्यावरचे पहिलेच काम. फेब्रुवारी 1912 मध्ये बर्लिनजवळ बाबेल्सबर्ग इथे ‘डॉइचे बिओस्कोप’ कंपनीचा काचेचा नवा स्टुडिओ सुरू झाला आणि त्यात पहिले चित्रीकरण झाले ते ‘डेर टोटेनटान्झ’चे. त्याची नायिकाही आस्टा नील्सनच. या दोन तारखांमध्ये अंतर आहे सतरा महिन्यांचे.

एवढ्या काळात काय घडले? रंगभूमीवर दुय्यम कामे करणारी, तिशीला टेकलेली नटी परदेशातल्या एका उद्योगाच्या केंद्रस्थानी कशी आली? याचे एक तयार उत्तर शंभर वर्षे चालत आले आहे. मोठे काळे डोळे, फिकट चेहरा, सडपातळ बांधा, आणि त्या चेहऱ्यावर शब्दांविना उमटणारे भाव. बेला बालाझ या हंगेरियन समीक्षकाने 1924 च्या आपल्या चित्रपटविषयक ग्रंथात तिच्या अभिनयाची मीमांसा केली, तेव्हापासून या उत्तराला शास्त्राचे वजनही मिळाले. उत्तर चुकीचे नाही. पण चेहऱ्याने करार होत नाहीत, आणि नील्सनची कारकीर्द कागदांच्या बाजूने तपासू लागले की दिसते ते वेगळेच. आपण काय करायचे, कोणाबरोबर करायचे आणि कोणत्या अटींवर करायचे, हे ठरवण्याचा अधिकार ही बाई टप्प्याटप्प्याने हातात घेत गेलेली दिसते.

तपासासाठी तीन प्रकारची साधने हाती आहेत. पहिले साधन म्हणजे स्वतः चित्रपट. सत्तरच्या वर चित्रपटांत तिने कामे केली. त्यांतले पुष्कळ नष्ट झाले आणि काहींचे फक्त तुकडे राहिले. दुसरे साधन म्हणजे व्यवहाराचे कागद: करारांचे तपशील, चित्रपटधंद्याची नियतकालिके, गावोगावच्या वर्तमानपत्रांतल्या जाहिराती. तिसरे साधन तिची स्वतःची साक्ष: 1945-46 मध्ये दोन खंडांत आलेले आत्मचरित्र ‘डेन टिएंडे मूसे’, 1950 च्या दशकात ध्वनिमुद्रित झालेली दूरध्वनीवरची संभाषणे, आणि 1968 मध्ये तिने स्वतःवर केलेला माहितीपट. चित्रपटाला कात्री लागलेली असू शकते, जाहिरात माल खपवण्यासाठी लिहिलेली असते, आणि आत्मचरित्र लिहिणाऱ्याला आपली एक प्रतिमा मागे ठेवायची असते. म्हणून एकाची साक्ष दुसऱ्याकडून तपासून घेतच पुढे जावे लागते.

1910 पूर्वी

आरंभीच्या आयुष्यासाठी मुख्य आधार आत्मचरित्राचा. जन्म 11 सप्टेंबर 1881, कोपनहेगनच्या व्हेस्टरब्रो या कष्टकरी वस्तीत. वडील लोहारकाम करत आणि पुष्कळदा बेकार असत, आई लोकांकडचे कपडे धूत असे. काही वर्षे कुटुंब स्वीडनमधल्या माल्मो इथे राहिले आणि मग परत आले. ती चौदा वर्षांची असताना वडील वारले. पुढे रॉयल थिएटरच्या नाट्यशाळेत तिला प्रवेश मिळाला. 1901 मध्ये, वयाची वीस वर्षे पूर्ण होत असताना, तिला मुलगी झाली. मुलीचे नाव येस्टा. लग्न झालेले नव्हते. मुलीचा बाप कोण, हे आस्टाने कधीच उघड केले नाही. स्वतःबद्दल दोन खंड लिहिणाऱ्या बाईने ही एक जागा जन्मभर कोरी ठेवली. तिच्या आठवणी वाचताना हे ध्यानात ठेवलेले बरे. त्यात सांगितले आहे ते निवडून सांगितले आहे.

नाट्यशाळेनंतर डागमार थिएटर, 1905 पासून नॉर्वे-स्वीडनमधले दौरे, आणि नंतर कोपनहेगनचे 1908 साली उघडलेले ‘नवे थिएटर’, असा तिचा रंगभूमीवरचा प्रवास आहे. आपल्याला मनाजोगत्या भूमिका मिळत नव्हत्या, ही तिची तक्रार. तक्रार करणारा आपली बाजू थोडी ताणून सांगतोच. पण इथे पूरक पुरावा आहे: आठ वर्षांच्या या नाट्यप्रवासात तिच्या नावाशी कायमची जोडली गेलेली अशी एकही भूमिका नाही. तक्रार खरी मानायला हरकत नाही.

‘नव्या थिएटर’मध्ये तिची गाठ उर्बान गाडशी पडली. तो नाटके लिहीत असे. त्याची आई एम्मा गाड ही डेन्मार्कमधली नामवंत लेखिका. आस्टाच्या सांगण्यानुसार ‘आफग्रुंडन’ गाडने तिच्यासाठीच लिहिला, आणि हेतू होता नाटकवाल्यांचे लक्ष वेधण्याचा. पडद्यावर तिचे काम पाहून एखादा नाट्यसंचालक तिला मोठी भूमिका देईल, असा तो हिशेब. हे खरे असेल तर चित्रपट हा नाटकाकडे जाण्याचा वळसा होता. चित्रपटतारका झाल्यावर पस्तीस वर्षांनी लिहिताना ‘मला पहिल्यापासून पडद्याचीच ओढ होती’ असे म्हणणे जास्त शोभले असते. तिने तसे म्हटलेले नाही. आपल्या प्रतिमेला फारसा न शोभणारा तपशील साक्षीदार स्वतःहून देतो, तेव्हा त्यावर थोडा अधिक भरवसा ठेवता येतो.

पैसे ‘कॉस्मोरामा’चा मालक यालमार डेव्हिडसन याचे. खर्च सुमारे 8,000 क्रोन आणि चित्रीकरण आठवड्याभराचे, असे आकडे सांगितले जातात. त्या वेळच्या रिवाजात हा उद्योग धाडसी का ठरतो, हे लांबीवरून कळते. एका रिळाचे, दहा-पंधरा मिनिटांचे चित्रपट ही तेव्हाची सर्वसाधारण चाल होती. त्याच वर्षी ऑर्हूस शहरातल्या ‘फोटोरामा’ कंपनीने गोऱ्या मुलींच्या विक्रीवरचा एक लांब चित्रपट काढून गल्ला भरला होता, आणि ‘नॉर्डिस्क’सारख्या बड्या कंपनीने काही महिन्यांत त्याची नक्कल बाजारात आणली होती. लांब चित्रपटाला प्रेक्षक बसून राहतो हे सिद्ध झाले होते. ‘आफग्रुंडन’ दाखवण्याच्या गतीनुसार पस्तीस ते चाळीस मिनिटे चालतो. म्हणजे डेव्हिडसनचा हा निव्वळ जुगार नव्हता. वाऱ्याची दिशा त्याने पाहिलेली होती.

फिल्म काय सांगते

‘आफग्रुंडन’ सुदैवाने शाबूत आहे, त्यामुळे या टप्प्यावर साक्षीदाराला समोर बसवून प्रश्न विचारता येतात. कथा अशी. माग्डा वांग ही पियानो शिकवणारी तरुणी. ट्राममध्ये तिची ओळख कनूद या पाद्र्याच्या मुलाशी होते, लग्न ठरते, ती त्याच्या आईवडिलांकडे गावी राहायला जाते. गावात सर्कस येते. सर्कशीतल्या रुडॉल्फच्या मोहात पडून ती रात्री खिडकीतून निघून जाते. तो बाहेरख्याली निघतो, हलाखी येते, आणि अखेर झटापटीत तिच्या हातून त्याचा खून होतो.

गाजला तो मधला नाच. रंगमंचावरच्या कार्यक्रमात माग्डा रुडॉल्फला दोराने जखडते आणि त्याच्याभोवती, त्याला घासून, अंग घुसळत नाचते. पोल रॉयमर्ट हा रुडॉल्फ झाला आहे, आणि बांधलेला असल्याने त्याला काही करायला वाव नाही. बारकाईने पाहावे ते कॅमेऱ्याच्या जागेकडे. नाच समोरून, प्रेक्षकांच्या खुर्चीतून दाखवलेला नाही. कॅमेरा विंगेच्या बाजूला आहे. माग्डा ज्यांच्यासाठी नाचते ते नाट्यगृहातले लोक चौकटीत येतच नाहीत, आणि आपण रंगमंचाच्या आतल्या बाजूने चोरून पाहिल्यासारखे पाहतो. कित्येक ठिकाणच्या सेन्सॉरांनी या दृश्यावर कात्री चालवली. त्यांना खटकले ते काय, याचा अंदाज आजही ही फिल्म पाहून करता येतो.

आता तयार उत्तराची परीक्षा. ‘आस्टाचा चेहरा’ या चित्रपटात शोधू गेले तर तो जवळून दिसतच नाही. 1910 च्या पद्धतीप्रमाणे कॅमेरा दूर उभा आहे आणि माणसे बहुधा नखशिखान्त किंवा गुडघ्यांपासून वर दिसतात. प्रेक्षकाला कळते ते तिच्या खांद्यांवरून, पाठीवरून, चालण्यावरून. शेवटच्या दृश्यात पोलीस माग्डाला घेऊन जातात. ती जिन्यावरून उतरते ती हातवारे न करता, आक्रोश न करता, जणू शरीरातला जीव कुणी काढून घेतला आहे अशी. आजूबाजूचे नट रंगभूमीच्या सवयीने हात उंचावत असताना तिने काहीच न करणे निवडले आहे. तिची कीर्ती चेहऱ्याने झाली असे म्हणणाऱ्यांनी ही कीर्ती झाली त्या पहिल्या चित्रपटात चेहरा किती लहान दिसतो हे पाहावे. चेहऱ्याची ख्याती मागाहूनची आहे: छायाचित्रे, पोस्टकार्डे आणि जवळून घेतलेली दृश्ये यांनी ती घडवली. मुळात होती ती देहबोलीवरची हुकमत.

जाहिराती आणि मक्ता

कोपनहेगनमध्ये चित्रपट चालला, हे खरे. पण एकट्या डेन्मार्कच्या बाजारात जागतिक तारका घडत नाही. पुढची कडी जर्मनीत सापडते, आणि ती चित्रपटगृहांच्या जाहिरातींतून जोडावी लागते.

तेव्हा जर्मनीत चित्रपट मीटरवर विकला जात असे. प्रत विकत घेतली की घेणारा ती हवी तिथे, हवी तितकी दाखवे. रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या चित्रपटगृहांत एकच चित्रपट लागे, आठवड्यागणिक त्याचा भाव उतरे, आणि शेवटी झिजलेल्या प्रती कवडीमोलाने फिरत. अशा बाजारात कुठल्याही एका चित्रपटावर जास्त खर्च करण्यात अर्थ नव्हता, आणि नटनट्यांची नावे छापण्यातही नव्हता. 1910 च्या अखेरीस ड्युसेलडॉर्फचा वितरक लुडविग गॉटशाल्क याने ‘आफग्रुंडन’चे जर्मनीतले हक्क घेतले आणि तो मक्ता पद्धतीने दिला: एका गावात ठरावीक मुदतीत एकाच चित्रपटगृहाला. जर्मन बाजारात हा पहिला ‘मक्त्याचा चित्रपट’ मानला जातो.

मक्त्यासाठी चित्रपटगृहवाला जादा पैसे मोजतो, म्हणून तो जाहिरातही जोरात करतो. आणि जाहिरातीत सांगण्यासारखे काय? लांबी, नाच, आणि नटीचे नाव. मार्टिन लॉइपर्डिंगर आणि उली युंग या अभ्यासकांनी 2013 मध्ये संपादित केलेल्या ग्रंथात, आणि त्याला जोडून उभारलेल्या जाहिरातींच्या सूचीत, 1910 ते 1914 या काळात तिचे नाव देशोदेशी कसे पसरले याचा माग काढला आहे. वर्तमानपत्रांतल्या त्या चौकटी एकेकट्या वाचल्या तर क्षुल्लक वाटतात. तारखेनुसार एकापुढे एक लावल्या की मात्र एखाद्या नावाचे भांडवल कसे होत जाते ते उघड होते. सुरुवातीला चित्रपटाचे नाव मोठे आणि नटीचे लहान, पुढे नटीचे नाव हीच जाहिरात.

इथपर्यंतचे श्रेय गॉटशाल्कचे आणि नव्या पद्धतीचे. आस्टाचा यात हात असल्याचा पुरावा नाही. मक्त्याची युक्ती तिच्यासाठी शोधली गेली नव्हती. योग्य वेळी योग्य चित्रपट हाती आला, एवढेच म्हणता येते. तिचा हात दिसू लागतो तो पुढच्या वर्षी.

1911 चा करार

‘आफग्रुंडन’नंतर डेन्मार्कमध्ये तिने आणखी दोन चित्रपट केले: ‘फोटोरामा’साठी गाडच्या दिग्दर्शनाखाली ‘डेन सोर्ते ड्रम’ आणि ‘नॉर्डिस्क’साठी आउगुस्ट ब्लोमच्या दिग्दर्शनाखाली ‘बॅलेडान्सरिंडन’. दोन्ही 1911 चे. म्हणजे मायदेशात तिला काम नव्हते असे नाही. पण त्याच वर्षी तिने आणि गाडने जर्मनीत वेगळ्याच प्रकारचा करार केला. समोरची बाजू होती फ्रँकफुर्टचा पाउल डेव्हिडसन (‘कॉस्मोरामा’च्या डेव्हिडसनहून वेगळा), चित्रपटगृहांची साखळी चालवणाऱ्या ‘प्रोजेक्शन्स युनियन’चा प्रमुख. निर्मितीची सोय ‘डॉइचे बिओस्कोप’कडे. आणि वितरणासाठी ‘इंटरनॅशनल फिल्म व्हरट्रिब्स’ नावाची कंपनी खास उभारण्यात आली, ती आस्टा-गाड जोडीच्या चित्रपटांवर उभी राहणारी.

व्यवहाराचा गाभा असा. 1911-12 च्या हंगामापासून या जोडीचे चित्रपट एकेक करून न विकता ‘आस्टा नील्सन मालिका’ म्हणून विकायचे. चित्रपटगृहवाल्याने पुरा हंगाम आगाऊ राखून ठेवायचा. त्यातले बरेचसे चित्रपट तेव्हा तयार झालेलेही नसत. कथेचे नाव नाही, कलावंतांची यादी नाही, तरी पैसे गुंतवले जात, कारण विकत घेतले जात होते ते एक नाव. त्या नावाशिवाय कंपनीला अर्थ नव्हता, आणि ही गोष्ट करारातल्या दोन्ही बाजूंना ठाऊक होती. मानधनाबद्दल 1914 या एका वर्षाचा 85,000 मार्क असा आकडा वारंवार दिला जातो. त्याला शेवटच्या मार्कापर्यंत प्रमाण न मानता व्यवहाराचे माप म्हणून घ्यावे. त्या मापाशी करारातल्या बाकीच्या गोष्टी जुळतात.

बाबेल्सबर्गचा स्टुडिओ या संदर्भात पाहायला हवा. गिडो झेबर या छायाचित्रकाराच्या देखरेखीखाली तो बांधला गेला, आणि पहिले चित्रीकरण ‘डेर टोटेनटान्झ’चे झाले. हंगामाला ठरावीक संख्येने चित्रपट पुरवायचे तर भाड्याच्या जागा आणि उन्हाची मर्जी यांवर भागत नाही. स्टुडिओ केवळ तिच्यासाठी बांधला, असे विधान करणे अतिशयोक्तीचे होईल. ‘बिओस्कोप’ची जुनी जागा अपुरी पडतच होती. पण आगाऊ विकलेल्या मालिकेचा त्या निर्णयावर भार होता, हे अनुमान बळकट आहे.

प्रश्न उरतो तो वाटाघाटी कोणी केल्या याचा. करार जोडीचा होता. गाड दिग्दर्शक, लेखक आणि मे 1912 पासून तिचा पती. त्या काळचे कायदे आणि रिवाज पाहता बोलणी त्याने केली असावीत, असा पहिला तर्क होतो. तो पुढच्या घटनांशी ताडून पाहावा लागतो. 1915 च्या सुमारास दोघे वेगळे झाले आणि 1918 मध्ये कायद्याने घटस्फोट झाला. गाडने पुढेही चित्रपट केले, 1919 मध्ये चित्रपटकलेवर एक ग्रंथही लिहिला, पण त्या उंचीवर तो पुन्हा पोहोचला नाही. आस्टा मात्र दुसऱ्या दिग्दर्शकांबरोबर, दुसऱ्या कंपन्यांशी, आपल्या नावावर काम करत राहिली. कराराचा कणा गाड असता तर त्याच्या जाण्याने तो मोडायला हवा होता. तो मोडला नाही. सही कोणी कोणाच्या वतीने केली हा भाग बाजूला ठेवला तरी सौद्यातली खरी वस्तू कोणती होती, ते यावरून निश्चित होते.

1913 चा ‘डी फिल्मप्रिमाडोना’ या ठिकाणी मोह पाडतो. गाडनेच लिहिलेला, दिग्दर्शित केलेला, चित्रपटतारकेच्या जीवनावरचा हा चित्रपट आज केवळ तुकड्यांत उरला आहे. त्यात चित्रपटनिर्मितीची आतली बाजू दिसते आणि त्या कामात लक्ष घालणारी नायिका दिसते. हे आस्टाचेच चित्र, असे म्हणावेसे वाटते. पण कल्पित कथेतला प्रसंग म्हणजे कामाच्या नोंदवहीतले पान नव्हे. यातून एवढेच म्हणता येते: तारका आपल्या कामाची मालकीण असते, ही कल्पना 1913 मध्ये या जोडीला पडद्यावर मांडण्याजोगी वाटत होती, आणि प्रेक्षक ती आस्टाच्या नावाखाली स्वीकारतील असा त्यांना भरवसा होता.

हॅम्लेट, दोन प्रतींत

अनुमानाकडून निश्चितीकडे नेणारा पुरावा 1920 चा आहे. त्या वर्षी बर्लिनमध्ये ‘आर्ट-फिल्म’ ही स्वतःची कंपनी आस्टाने काढली, आणि पहिला विषय निवडला ‘हॅम्लेट’. चित्रपट फेब्रुवारी 1921 मध्ये प्रदर्शित झाला. दिग्दर्शक दोन: स्वेन्ड गाडे आणि हाइन्झ शाल. हा गाडे वेगळा, उर्बान गाडशी गल्लत नको. हॅम्लेटची भूमिका निर्मातीने स्वतः केली.

बाईने हॅम्लेट करणे नवे नव्हते. सारा बर्नहार्टने तो रंगभूमीवर केला होता, आणि 1900 साली तिच्या द्वंद्वयुद्धाची छोटी फिल्मही निघाली होती. पण बर्नहार्ट पुरुषाची भूमिका करणारी स्त्री होती. आस्टाचा हॅम्लेट मुळातच स्त्री आहे. त्यासाठी आधार घेतला तो एडवर्ड व्हायनिंग या अमेरिकन लेखकाच्या 1881 मधल्या पुस्तकाचा. हॅम्लेट ही राजपुत्राच्या वेशात वाढवलेली मुलगी असावी, असा तर्क त्याने मांडला होता. पुस्तकाचे आणि तिच्या जन्माचे साल एकच, यात योगायोगापलीकडे काही नाही. आगरकरांच्या ‘विकारविलसित’पासून मराठी वाचकाला या नाटकाची कथा परिचित आहे. चित्रपटात ती अशी फिरते: राजा लढाईत पडल्याची बातमी येते, राज्य हातचे जाऊ नये म्हणून राणी नवजात मुलीला मुलगा म्हणून जाहीर करते, राजा जिवंत परततो, पण एकदा केलेली घोषणा मागे घेता येत नाही. होरेशिओवर हॅम्लेटचे मन जडते आणि ते बोलता येत नाही. मरणाऱ्या मित्राला सावरताना होरेशिओचा हात तिच्या छातीला लागतो, तेव्हा त्याला खरे कळते.

या चित्रपटाच्या प्रतींची कहाणी संशोधकाला जास्त शिकवणारी आहे. मूकपटाच्या काळात परदेशी वितरणासाठी दुसरी निगेटिव्ह करण्याची पद्धत होती: दुसऱ्या कॅमेऱ्याने घेतलेली, किंवा त्याच दृश्याची दुसऱ्यांदा केलेली चित्रणे जोडून. कित्येक दशके अभ्यासकांनी ‘हॅम्लेट’ म्हणून पाहिला तो अशा परदेशी आवृत्तीतून आलेला, काळापांढरा. पुढे जर्मनीत दाखवल्या गेलेल्या आवृत्तीची, दृश्यानुसार रंगछटा दिलेली प्रत मिळाली. फ्रँकफुर्टच्या जर्मन चित्रपटसंस्थेने तिच्यावरून चित्रपट पूर्ववत केला आणि 2007 च्या बर्लिन महोत्सवात तो दाखवला गेला. तोपर्यंत तिच्या अभिनयाबद्दल जे बारकावे लिहिले गेले, ते काही ठिकाणी जर्मन प्रेक्षकांनी पाहिलेल्या चित्रणाचे नव्हतेच. एकाच नटीच्या एकाच भूमिकेचे दोन पुरावे, दोन्ही अस्सल, आणि तरी एकसारखे नाहीत.

कापलेली मारिया

फिल्म हा कधी कधी सर्वांत बेभरवशाचा साक्षीदार ठरतो, याचे ठळक उदाहरण 1925 च्या ‘डी फ्रॉइडलोझे गासे’चे. दिग्दर्शक जी. डब्ल्यू. पाब्स्ट, काळ पहिल्या महायुद्धानंतरच्या महागाईचा, स्थळ व्हिएन्नातली एक गल्ली. दोन कथा समांतर चालतात. त्रेचाळीस वर्षांची आस्टा त्यात मारिया लेश्नर ही गरीब घरातली मुलगी झाली आहे. ती प्रेमापोटी खून करते, प्रियकरावर आळ येऊ देते आणि शेवटी कबुली देते. दुसऱ्या कथेची नायिका तेव्हा विशीही न गाठलेली, नुकतीच स्वीडनहून आलेली ग्रेटा गार्बो.

काही महिन्यांतच गार्बो अमेरिकेला गेली आणि हॉलिवूडची तारका झाली. त्यानंतर या चित्रपटाच्या परदेशी प्रतींना जी कात्री लागली, तिला एक दिशा मिळाली. अमेरिकेत दाखवलेल्या आवृत्तीतून मारियाची कथा जवळजवळ काढून टाकली गेली आणि उरला तो गार्बोचा चित्रपट. अशाच कापलेल्या प्रती पाहून वाढलेल्या प्रेक्षकांच्या पिढ्यांना आस्टा नील्सन ही गार्बोच्या आरंभीच्या चित्रपटातली एक दुय्यम नटी वाटली असेल तर नवल नाही. म्युनिकच्या चित्रपटसंग्रहालयात एनो पाटालास यांनी देशोदेशीच्या प्रतींतले तुकडे जुळवून मारियाला तिची जागा परत मिळवून दिली, तेव्हा कुठे श्रेयनामावलीतला क्रम आणि पडद्यावरचा वाटा यांचा मेळ बसला. मधल्या काळात लिहिला गेलेला इतिहास अप्रामाणिक नव्हता. त्याच्यासमोरचा दस्तऐवजच फाडलेला होता.

एकट्या साक्षीची गोष्ट

1932 मध्ये तिने ‘उनम्योग्लिशे लीबे’ हा एकच बोलपट केला. त्यानंतर पडद्यावर ती नाही. इथे आत्मचरित्र एक प्रसिद्ध प्रसंग सांगते. नाझींची सत्ता आल्यावर तिला हिटलरच्या भेटीला बोलावण्यात आले, गोबेल्सने स्वतंत्र कंपनी देऊ केली, आणि तिने नकार दिला.

या प्रसंगाला मुख्य आधार तिच्याच शब्दांचा आहे, आणि ते शब्द छापले गेले 1945-46 मध्ये, डेन्मार्क जर्मन ताब्यातून सुटल्यावर लगेच. त्या दिवसांत जर्मनीत नाव कमावलेल्या प्रत्येक डॅनिश कलावंताला आपला हिशेब द्यावा लागत होता. म्हणून प्रत्येक संवाद जसाच्या तसा घडला असे धरून चालणे योग्य नाही. दुसरीकडे, परिणाम निर्विवाद आहे. गोबेल्सच्या हाताखालच्या चित्रपटउद्योगात तिच्या नावावर एकही चित्रपट नाही, आणि 1930 चे दशक सरण्यापूर्वी ती कोपनहेगनला परतली. प्रस्तावाचा तपशील संभाव्य, पडद्यावरची अनुपस्थिती निश्चित. आणि प्रस्ताव म्हणून जी गोष्ट सांगितली जाते तीही विचार करण्याजोगी आहे: पैसा किंवा भूमिका नव्हे, तर कंपनी. 1920 मध्ये ही बाई स्वतः काय मागत होती हे ज्याला ठाऊक असेल, तो आमिष म्हणून हेच पुढे करील. प्रसंग रचलेला असला तरी रचणारीला आपली किंमत नेमकी ठाऊक होती.

शेवटची साधने

1956 ते 1959 या काळात जुन्या पुस्तकांचे विक्रेते फ्रेडे श्मिट यांनी तिच्याशी दूरध्वनीवर झालेली बोलणी ध्वनिमुद्रित केली. टॉरबेन स्क्योत येन्सन यांच्या 2003 च्या माहितीपटाचा तो आधार झाला. मूकपटांच्या नटीचा आवाज, आणि तोही सभा-मुलाखतीतला नव्हे, तर घरी बसून मोकळेपणी बोलतानाचा. आत्मचरित्रातली भाषा घडवलेली आहे. ध्वनिफितीत ती तिखट बोलते, थट्टा करते, माणसांना निकालात काढते. एकाच व्यक्तीच्या या दोन साक्षी शेजारी ठेवल्या की छापील शब्दांवर किती रंधा फिरवला गेला आहे ते कळते.

1968 मध्ये, सत्त्याऐंशी वर्षांची होत असताना, तिने ‘आस्टा नील्सन’ हा माहितीपट केला. विषय ती, निवेदक ती, दिग्दर्शकही ती. मे 1972 मध्ये ती वारली.

आता हाती आलेल्या गोष्टींची वर्गवारी करू. निश्चित ते हे: ‘आफग्रुंडन’ची तारीख आणि त्यातली तिची देहबोली, मक्ता पद्धतीने तिच्या नावाला आलेला भाव, 1911 पासूनची तिच्या नावाची मालिका, 1920 ची कंपनी, 1932 नंतरचे मौन, 1968 चा माहितीपट. संभाव्य ते हे: करारातल्या अटींमागे तिचा आग्रह, बाबेल्सबर्गच्या निर्णयातला मालिकेचा वाटा, बर्लिनमधल्या प्रस्तावाचा तपशील. निश्चित गोष्टींचीच यादी वरून खाली वाचली तरी दिशा स्पष्ट आहे. 1910 मध्ये तिच्यासाठी दुसरा कोणी लिहितो. 1911 मध्ये तिच्या नावाभोवती दुसऱ्यांची कंपनी उभी राहते. 1920 मध्ये कंपनी तिची असते. 1968 मध्ये कॅमेऱ्यामागचा शब्दही तिचाच असतो. चेहऱ्याची मोहिनी यातल्या पहिल्या पायरीलाही पुरेशी पडत नाही. पुढच्या तीन पायऱ्या समजून घ्यायच्या तर चित्रपट-इतिहासकाराने तिची छायाचित्रे बाजूला ठेवून आधी व्यवहाराचे कागद वाचावेत.